डागाचं औषध

रविवारी दुपारी तीन वाजता दुकानाच्या मागच्या खोलीत घराण्याचा इतिहास दाखवला जाणार होता, आणि त्यासाठी पडदा म्हणून एका गिऱ्हाइकाची चादर टांगली होती. ती चादर न्यायला तीन वर्षांत कोणी आलं नव्हतं. तरी टांगण्याआधी अण्णांनी नातीकडून दोनदा कबूल करून घेतलं की चिमट्यांचे वळ उठणार नाहीत. त्रेचाळीस वर्षं लोकांचे कपडे धुऊन, इस्त्री करून परत देणाऱ्या माणसाचा स्वभाव सुट्टीच्या दिवशी तरी कसा बदलणार?

नात म्हणजे थोरल्या मुलाची मुलगी. घरात तिला सगळे फिल्मवाली म्हणत. आधी चिडवायला म्हणत, मग सवयीने. लाँड्रीच्या धंद्यात न पडता लोकांच्या भानगडीत पडायचं ठरवलेली ती घरातली पहिलीच. दीड वर्ष ती कॅमेरा घेऊन घरच्यांच्या मागे लागली होती. विषय होता वर्णद्वेष, स्थलांतर आणि ओळख. हे तीन शब्द ती एका दमात म्हणायची, आणि धाकटा काका दर वेळी विचारायचा, "म्हणजे आपलंच ना?"

उद्या दुपारी बारापर्यंत फिल्म वाहिनीकडे पोचायला हवी होती, आणि तिच्यासोबत फिल्ममध्ये दिसणाऱ्या प्रत्येकाचा सही केलेला संमतीचा कागद. एक जरी सही कमी पडली तर दीड वर्ष पाण्यात. फिल्मवालीने चार कागद छापून आणले होते आणि चार पेनं. पेन सापडत नाही ही सबब या घरात फार चालते, हे तिला माहीत होतं.

खुर्च्याही चारच होत्या. एकीवर अण्णा, दुसरीवर थोरला, तिसरीवर धाकटा आणि चौथीवर धाकटी सून, खास ठेवणीतल्या कपड्यांत, जणू पडद्यातून तिलाही कोणी बघणार होतं. थोरली सून, फिल्मवालीची आई, इस्त्रीच्या टेबलाला टेकून उभी होती. तिला बस म्हणायचं कोणाच्या लक्षात आलं नाही, आणि बसायची सवय तिलाही नव्हती.

"दिवे घालव," अण्णा म्हणाले. फिल्म सुरू झाली.

पहिली साडेचार मिनिटं सुटकेस होती. तपकिरी, कोपरे झिजलेली, एका कडीला सुतळी बांधलेली. अण्णा ती मांडीवर घेऊन तिच्यावरून हात फिरवत होते आणि सांगत होते की याच एका सुटकेसवर ते या परक्या देशात उतरले. सांगता सांगता त्यांचे डोळे भरून आले. खुर्चीतल्या अण्णांचेही पुन्हा भरून आले. खरी सुटकेस वीस वर्षांपूर्वी भंगारात गेली होती. ही फिल्मवालीने जुन्या बाजारातून आणली होती आणि सुतळी स्वतः बांधली होती. हे अण्णांना पक्कं ठाऊक होतं. पण कॅमेरा लागल्यावर माणसाला आपल्या भूतकाळाशी फार घासाघीस करवत नाही.

"किती खरं वाटतंय," थोरला म्हणाला. थोरला कधीही कोणाच्या विरोधात बोलत नसे, एवढीच त्याची घरात ओळख होती.

मग पडद्यावर धाकटी आली. काउंटरमागे, डोक्यावर मऊ उजेड, चेहरा असा लख्ख की मागचे कपडे मळके वाटावेत. "पुढे मी उभी राहायचे म्हणून हे दुकान चाललं," पडद्यावरची धाकटी सांगत होती. "गिऱ्हाईक पहिल्यांदा चेहरा बघतं. सासरे म्हणाले, तू गोरी आहेस, इथल्यांच्यात खपून जाशील. आल्या आल्या तिसऱ्या दिवशी उभी राहिले. कोणी वाकडा शब्द बोललं नाही. उलट विचारायचे, तुम्ही इथल्याच का?"

"हे मस्त आलंय," खुर्चीतली धाकटी कुजबुजली. "फक्त हनुवटीखाली जरा काळपट दिसतंय. उजळ करता येतं ना गं?"

वर्णद्वेषाविरुद्धच्या फिल्ममध्ये काकूची हनुवटी उजळ करायची की नाही, हा प्रश्न फिल्मवालीला शिक्षणात कोणी शिकवला नव्हता. तिने ऐकलंच नाही असं दाखवलं.

त्यानंतर मागच्या खोलीतली दृश्यं होती. वाफ, कपडे, नंबरांच्या चिठ्ठ्या. धाकटी हसत कॅमेऱ्याला फडताळ दाखवत होती. "आणि हे डागाचं औषध. आमच्या थोरल्या जाऊबाईंच्या हाताला काही मापच नाही बघा. दुसरीकडे एक डबा दोन महिने पुरतो, इथे पंधरा दिवसांत तळ दिसतो. आम्ही म्हणतो, ताई, पिता की काय?" पडद्यावर सगळे हसत होते. खोलीतही सगळे हसले. हा विनोद घरात तीस वर्षं जुना होता आणि अजून एकदाही वाया गेला नव्हता. थोरलीही हसली, नेहमी हसते तेवढीच.

शेवटी दगड आला. म्हणजे दगडाची गोष्ट. सव्वीस वर्षांपूर्वी भरदुपारी कोणीतरी दुकानाच्या काचेवर दगड मारला होता आणि "आपल्या देशात जा" असं ओरडून पळालं होतं. धाकटीने ती गोष्ट रडत सांगितली, धाकट्याने मुठी आवळून सांगितली, थोरल्याने दोघांचंही बरोबर आहे असं सांगितलं, आणि अण्णांनी हात झटकून सांगितली: "पोरं होती. चुकून लागला असेल. त्रेचाळीस वर्षांत एकदाच. इथले लोक चांगले आहेत, बाई." त्यावर फिल्म संपत होती.

दिवे लागले. चादर पुन्हा चादर झाली.

"छान," थोरला म्हणाला.

"छान काय? वाहिनीच्या बाईंनी परत पाठवलीय," फिल्मवाली म्हणाली. "त्यांचं म्हणणं, एका दगडावर तासाभराची फिल्म उभी राहत नाही. त्या म्हणाल्या, तुमच्या घरच्यांना फारसं काही झालेलंच दिसत नाही."

"म्हणजे?" अण्णांनी चष्मा काढला. "आम्ही सुखाने राहिलो, ही आमची चूक? आता तुझ्या फिल्मसाठी आणखी चार दगड मारून घेऊ का? सांग, कोणत्या काचेवर?"

"अण्णा, मला दगड नकोत. मला खरं हवंय."

"खरं हेच आहे."

"मग निदान सह्या तरी करा. आहे तशी पाठवते. घेतील किंवा नाही घेणार."

इथे खरी बैठक सुरू झाली. आजवर या घरात वाटणीपासून लग्नापर्यंत जे जे ठरलं ते याच खोलीत, याच इस्त्रीच्या वासात ठरलं होतं, आणि कोणीही पहिल्या फटक्यात हो म्हटलेलं नव्हतं.

धाकटीने कागद हातात घेतला, वाचायचं नाटक केलं आणि खाली ठेवला. "मी करते सही. पण ते 'सासरे म्हणाले' काढ. वाईट दिसतं. मी आपणहून उभी राहिले असं ठेव."

"का काढायचं?" अण्णा म्हणाले. "मीच उभं केलं तुला. धंद्याची अक्कल माझी होती."

"अण्णा, अहो, लोक म्हणतील, रंग बघून सून उभी केली."

"बघूनच केली. इथे सगळे बघतात, मग आपणच डोळे मिटून बसायचं का?"

धाकटा मध्ये पडला. तो मशिनांचा माणूस. बॉयलर, मोटर, पट्टे सगळं त्याच्या हातातलं. माणसांची दुरुस्ती त्याला जमत नसे, पण प्रयत्न सोडत नसे. "मी काय म्हणतो, माझ्या मुठी आवळलेल्या दाखवल्यात, ते ठीक आहे. पण मी त्या दिवशी दुकानात नव्हतो हे कोणी सांगत नाहीये ना?"

"काका, तुम्ही नव्हता?"

"पट्टा आणायला गेलो होतो. पण राग खरा होता."

फिल्मवालीने कपाळाला हात लावला. तिच्या मनात आलं की वाहिनीच्या बाईंचं चुकलं नव्हतं. सुटकेस बाजारातली, राग उसना, रडणारी बाई काउंटरवर राणीसारखी उभी होती. दीड वर्षात गोळा झालं ते एवढंच. तिला घरच्यांचा राग आला, आणि त्याहून जास्त स्वतःचा.

"माझी सही नाही होणार," अण्णा शेवटी म्हणाले. "गिऱ्हाईक बघेल. म्हणेल, आम्ही यांना इतकी वर्षं सांभाळलं आणि हे आमचीच बदनामी करतात. मी या लोकांबद्दल वाईट बोलणार नाही."

"तुम्ही फिल्मभर चांगलंच बोललाय."

"मग काय उपयोग तिचा?" अण्णा म्हणाले.

तेव्हा इस्त्रीच्या टेबलाकडून आवाज आला. "माझा कागद कुठाय?"

सगळ्यांनी मागे वळून पाहिलं. थोरली टेबलावरच्या चार कागदांकडे बघत होती.

"आई, तुझा लागत नाही," फिल्मवाली म्हणाली. "फिल्ममध्ये जे आहेत त्यांचेच लागतात. तू..." ती थांबली.

ती फिल्ममध्ये नव्हती. चाळीस तासांचं चित्रण झालं होतं आणि आई एकाही चौकटीत नव्हती. कारण अगदी साधं होतं. दुकानात उजेड कमी, आणि दिवे भाड्याने आणायची ऐपत नाही. म्हणून थर्माकोलचा मोठा पांढरा बोर्ड खिडकीच्या उजेडात धरून बोलणाऱ्याच्या तोंडावर उजेड पाडावा लागे. तो बोर्ड दीड वर्ष आईने धरला होता. धाकटीच्या चेहऱ्यावरची ती लखलख, अण्णांच्या डोळ्यांतल्या पाण्याची चमक, धाकट्याच्या मुठी, सगळं आईच्या हातांनी उजळलेलं. एका दृश्यात चौकटीच्या कडेला तिची दोन बोटं दिसत होती. फिल्मवालीने स्वतःच्या वहीत लिहून ठेवलं होतं: बोटं कापायची आहेत.

"बरोबर आहे," थोरली म्हणाली. "नाहीच मी त्यात." तिच्या आवाजात रुसवा नव्हता. तेच मुलीला जास्त लागलं.

"वहिनी, तुम्ही कुठे बोलता?" धाकटा हसून म्हणाला. "तुम्हाला पुढे आणलं असतं तर तुम्हीच पळाला असता."

"मला पुढे कोणी आणलंच नाही, भाऊजी. पळायचा प्रश्न कुठून येतो?" ती टेबलापासून बाजूला झाली. "अण्णा, एकदाच नाही झालं ते."

"काय?"

"दगड दुपारी आला म्हणून तुम्हाला कळला. बाकीचं पहाटे असायचं."

थोरली फडताळाकडे गेली, डागाच्या औषधाचा डबा काढला आणि टेबलावर ठेवला. त्याच्या शेजारी तारेचा ब्रश ठेवला, तारा झडलेला, मूठ काळी पडलेली.

"शटरवर लिहिलेलं असायचं," ती म्हणाली. "रंगाने. कधी कोळशाने. मी सगळ्यांच्या आधी येऊन पुसायचे. पाण्याने निघत नाही ते. या औषधाने निघतं, पण खूप लागतं. मग तुम्ही सगळे म्हणायचा, हिच्या हाताला मापच नाही."

धाकटीने कागद पुन्हा उचलला, पण तो कुठे ठेवावा ते तिला सुचेना. तीस वर्षांचा विनोद तिच्याच तोंडून गेल्या अर्ध्या तासात पुन्हा एकदा झाला होता, मोठ्या आवाजात, चादरभर.

"तू बॉयलर पेटवायला लवकर जायचीस," थोरला म्हणाला. लग्नाला चौतीस वर्षं झाल्यावर त्याने बायकोला विचारलेला हा बहुधा पहिलाच प्रश्न होता, आणि तोही त्याने प्रश्नासारखा विचारला नाही.

"बॉयलर वीस मिनिटांत तापतो," धाकटा हळूच म्हणाला. "आणि बारा वर्षांपासून तर विजेवरचा आहे. बटण दाबलं की झालं. मी कितीदा म्हटलं, वहिनी, आता कशाला एवढ्या लवकर..." तो बोलता बोलता थांबला. मग उठून पुढच्या दुकानात गेला. शटर अर्धं खाली ओढल्याचा आवाज आला. परत आला तेव्हा त्याचा चेहरा उतरला होता.

"मधला रंग उडालाय. छातीएवढ्या उंचीवर, या टोकापासून त्या टोकापर्यंत. अण्णा, तुम्ही नेहमी म्हणता, उन्हाने उडाला."

"उन्हानेच उडाला."

"आपलं शटर उत्तरेला आहे. त्याला ऊन लागतच नाही."

इथले लोक चांगले आहेत हे अण्णांनी कॅमेऱ्यासमोर म्हटलेलं नुसतं वाक्य नव्हतं. त्या वाक्यावर त्यांनी दोन मुलं इथे वाढवली होती, दोन सुना आणल्या होत्या, मागे राहिलेल्या भावांना पत्रं लिहून बोलावून घेतलं होतं. रोज सकाळी आठला ते दुकानात यायचे, स्वच्छ शटर स्वतःच्या हाताने वर करायचे आणि मनात म्हणायचे की आपला निर्णय चुकला नाही. ते शटर कोणी स्वच्छ केलंय हा विचार त्यांच्या मनात कधी आला नव्हता.

"किती वेळा?" त्यांनी विचारलं.

"सुरुवातीला आठवड्यातून दोनदा. मग कमी झालं. गेल्या वर्षी परत वाढलंय."

"मला सांगायचं नाही?"

"सांगून काय झालं असतं? तुम्ही परत जायचं ठरवलं असतं, नाहीतर खोटं आहे म्हणाला असता. दोन्ही मला चालणारं नव्हतं." ती मुलीकडे वळली. "आणि ही साडेसातला याच रस्त्याने शाळेत जायची. हिने ते वाचायला नको होतं. हिला वाचता यायच्या आत मला वाचायला शिकावं लागलं. इथली अक्षरं मला कोणी शिकवली नाहीत, शटरवरच शिकले. पहिला शब्द आपल्या रंगावरून होता. त्याचा अर्थ मी धोब्याच्या दुकानात कसा विचारणार? गिऱ्हाइकाला? म्हणून काउंटरवरच्या शब्दकोशात शोधला, सगळे जेवायला गेल्यावर."

फिल्मवालीला रडू आलं आणि तिने ते लपवलं नाही. तिने दीड वर्ष ग्रंथालयात, कचेऱ्यांत, जुन्या वर्तमानपत्रांत पुरावा शोधला होता. पुरावा समोर बोर्ड धरून उभा होता, आणि ती त्याला सांगत होती, आई, जरा बाजूला हो, सावली पडतेय.

"आई, मला विचारायचं सुद्धा सुचलं नाही."

"तुझं काय चुकलं? मागे उभ्या असलेल्याला विचारायची पद्धतच नाही आपल्याकडे." मग तिने आवाज बदलला. इस्त्रीला आलेल्या ढिगाकडे बघून हाताला लागेल ते काम सुरू करते तसा. "उद्या बारापर्यंत पाठवायचंय ना? मग रडत काय बसलीस. तो डबा लाव तुझा. कॅमेरा. मी बोलते. पण आधी या चौघांच्या सह्या. एकही शब्द काढायचा नाही, कोणाचाच. सासरे म्हणाले, तेसुद्धा नाही."

"ताई, पण..." धाकटी म्हणाली.

"तुझी हनुवटी छान आहे. सही कर."

धाकटीने केली. धाकट्याने केली. थोरल्याने सगळ्यात भरभर केली. त्याला पहिल्यांदाच कोणाच्या तरी बाजूने असायची घाई झाली होती. अण्णांनी पेन उचललं, ठेवलं, मग त्या ब्रशची काळी मूठ बोटाने चाचपून पाहिली. त्यांनी सही केली ती दुकानाच्या पावतीवर करतात तशी, लांबलचक, खाली दोन रेघा मारून.

कॅमेरा तिवईवर चढला. थोरली अण्णांच्या खुर्चीत बसली, कारण अण्णाच उठून उभे राहिले होते. फिल्मवालीने भिंगातून पाहिलं तर आईच्या जागी नुसता काळोख दिसत होता. कॅमेरा अजून काकूच्या गोऱ्या चेहऱ्याला बेतलेला होता. दीड वर्ष तिने तो तसाच ठेवला होता. तिने भिंगाचं कडं फिरवून उजेड वाढवत नेला. मागची चादर पांढरीफटक झाली, मागे उभ्या अण्णांचा पांढरा शर्ट उजेडात विरून गेला, आणि मधोमध आई दिसू लागली: सावळी, थकलेली, कपाळावर वाफेने चिकटलेले केस.

"बोर्ड कोण धरणार?" धाकट्याने विचारलं.

थोरलीने जावेकडे पाहिलं. धाकटी उठली, साडेचार फुटी थर्माकोल दोन्ही हातांनी उचलला आणि खिडकीजवळ उभी राहिली. अर्ध्या मिनिटात तिचे दंड थरथरायला लागले.

फिल्मवालीने सगळ्यांना विचारलेला पहिला प्रश्न विचारला. तो तिने वहीत सुंदर अक्षरात लिहिला होता. "इथे राहताना तुम्हाला कधी परकं वाटलं का?"

थोरलीने थोडा विचार केला.

"इथे म्हणजे नेमकं कुठे?" तिने विचारलं. "शटरच्या बाहेर, की आत?"

अण्णांनी मान खाली घातली. धाकटीच्या हातातला बोर्ड हळूहळू खाली आला आणि आईच्या चेहऱ्यावरचा उजेड गळ्यापर्यंत उतरला.

"वर धर गं," थोरली म्हणाली. "सवय होईल. दोन्ही सांगायला वेळ लागणार आहे मला."